गल्लीच्या तोंडावरची तोफ

आमच्या गल्लीत शिरायचं असेल तर दोन्ही हात वर करावे लागत. दूधवाला असो, पोस्टमन असो, कोणाचा जावई असो की व्याही. गल्लीच्या तोंडाशी यायचं, थांबायचं, दोन्ही हात डोक्यावर सरळ न्यायचे आणि उत्तराची वाट बघायची. कोपऱ्यावरच्या घराच्या गच्चीतून एक दुर्बीण तुमच्यावर येऊन थांबे. मग हिरवं फडकं हले आणि खणखणीत आवाज येई, "दोस्त आहे! येऊ द्या!" त्यानंतरच पुढे सरकायचं.

माझे सासरे माझं स्थळ बघायला आले तेही असेच हात वर करून आले. देवासचे सरळमार्गी हेडमास्तर ते, त्यांना वाटलं इंदूरला अशीच पद्धत असेल. बायको अजून ऐकवते, "आमच्या बाबांनी तुमच्या दारात पहिल्याच दिवशी शरणागती पत्करली."

दुर्बीण, फडकं आणि आवाज, तिन्ही तोपची नानांची मालमत्ता. नाव नाना जाधव. आजोबा महूच्या छावणीत, वडील महूच्या छावणीत, तेव्हा नाना फौजेत गेले यात नवल नव्हतं. नवल पुढेच आहे. यशवंतसागर तलावापेक्षा मोठं पाणी ज्यांनी कधी पाहिलं नव्हतं अशा या माळव्याच्या माणसाला फौजेने नेमकं किनाऱ्यावरच्या तोफखान्यात टाकलं. मुंबई बंदराच्या तोंडाशी एका बेटावर नानांची तोफ होती. बंदरात येणाऱ्या प्रत्येक जहाजाने आधी ठरलेली खूण दाखवायची. खूण जुळली की जहाज आत, नाही जुळली की तोफ. नानांची सगळी तरुण वर्षं येणाऱ्या जहाजांकडे संशयाने बघण्यात गेली, आणि ती नजर त्यांनी पेन्शनीबरोबर इंदूरला आणली.

गच्चीच्या कठड्यावर त्यांनी बिडाचा एक जुना पाइप बसवला होता, तोंड गल्लीच्या मुखाकडे. सगळे त्याला तोफच म्हणत. पावसाळ्यात त्यात चिमण्या घर करत. तेवढ्या काळात तोफ 'दुरुस्तीत' असे.

आमच्या मिलच्या झांकी समितीचे, म्हणजे गणपतीच्या देखाव्याच्या समितीचे, अध्यक्ष रामेश्वर भिया नानांची खेचायला कायम तयार. चौकातल्या हॉटेलात कडक चहा पिता पिता एकदा म्हणाले, "क्यों नाना, इतने साल तोप पे बैठे, एकाध जहाज तो डुबाया होगा?"

"एक पण नाही!" नानांनी छाती काढून सांगितलं.

"गोला तो चलाया होगा?"

"प्रॅक्टिसला. दुश्मनावर एक पण नाही."

"तो फिर किया क्या?"

"जिंकलो! सीधी गोष्ट आहे. तोप कशासाठी असते? दुश्मन येऊ नये म्हणून. आला का? नाही आला. म्हणजे फुल विजय. ज्याची तोप चालली त्याचं काहीतरी चुकलं, बरोबर ना?"

या शास्त्राप्रमाणे बघितलं तर आमच्या घरी कधी वाघ आला नाही याचंही श्रेय मग नानांच्या पाइपाला द्यावं लागतं. मी तसं बोलून दाखवलं तर नाना गंभीरपणे म्हणाले, "मग? आला का?"

'सीधी गोष्ट आहे' हे नानांचं पालुपद. त्यानंतर जे येई ते कधीही सीधं नसे. किनाऱ्यावरची तोफ जहाजावरच्या तोफेला भारी का, हे ते पोह्यांच्या बशीवर समजावत. "जहाज हलतं, जमीन हलते का? हलणाऱ्याचा नेम चुकतो, बसलेल्याचा नाही." बशी म्हणजे किनारा, जिलेबी म्हणजे शत्रूचं जहाज, आणि व्याख्यानाच्या शेवटी जहाज नानांच्या पोटात. लाकडी जहाजांच्या जमान्यात किल्ल्यावर भट्ट्या असत, गोळे लालबुंद तापवून मग तोफेत घालत, जहाजात घुसले की आग. हे सांगताना ते भजी तळणाऱ्या माणसाला उदाहरण म्हणून उभं करत. महाराजांनी भर समुद्रात किल्ले का बांधले, यावर ते बोलायला लागले की हॉटेलचा मालक शटर अर्धं खाली ओढत असे.

पण नानांची सगळ्यात आवडती तोफ म्हणजे 'लपणारी तोफ'. ती भिंतीआड दडलेली असे. दुसऱ्या बाजूला जड वजन लटकवलेलं. वजन सोडलं की तोफ भिंतीवर डोकं काढी, गोळा टाकी, आणि त्याच धक्क्याने पुन्हा खाली बसे. समुद्रावरून बघणाऱ्याला नुसती भिंत दिसे. "आमच्या टाइमला पण ती म्युझियमची झाली होती," नाना म्हणत. "मग विमानं आली, रॉकेटं आली, आमची तोप पण म्युझियमची झाली. सायबांनी सांगितलं, जाधव, आता किनारा दुसरेच लोक सांभाळतील."

तिथून ते इंदूरला आमच्याच कापड मिलमध्ये फिटर म्हणून लागले. मिलही त्यांनी बंदरासारखीच सांभाळली, आणि पुढे तीही बंद झाली. रेडिओवर खुल्या बाजाराच्या, नव्या जमान्याच्या गोष्टी चालू होत्या, आणि इकडे आमच्या भागातले भोंगे एकेक करून गप्प होत होते. आमच्या मिलचे कामगार मोठ्या गेटसमोर सतरंजी टाकून धरणं धरून बसले. कोणीतरी येईल, बोलेल, म्हणून सगळ्यांच्या नजरा रस्त्याकडे. तेवढ्या काळात मागच्या गेटातून मशीनं ट्रकात भरून निघून गेली.

नाना त्या दिवशी फार हसले. हसणं बरं नव्हतं ते. म्हणाले, "आम्हाला रंगरूट असताना शिकवलं होतं. पूर्वेकडं मोठ्या लढाईत एक बेट होतं. बलाढ्य तोपा, सगळा रोख समुद्राकडं. दुश्मन आला मागच्या जंगलातून. काही तोपा फिरत होत्या म्हणतात, पण गोळे जहाज फोडायचे, जंगलात काय कामाचे? तेव्हा आम्ही त्या लोकांना हसायचो."

आता त्यांच्या घरातली, मिल बंद होण्याच्या दोनएक वर्षं आधीची गोष्ट सांगायला हवी. गल्लीत ती सगळ्यांना ठाऊक होती, पण कोणी तिचा उच्चार करत नसे.

नानांना एकच मुलगी, सुषमा. भंवरकुआंला एका कोचिंग क्लासच्या ऑफिसात नोकरीला होती. तिथेच तिची देपालपूरच्या एका मुलाशी ओळख झाली. त्यांचा धान्याचा व्यापार, जात वेगळी, बोली वेगळी. मुलगा सज्जन होता. पण नानांसमोर हे बोलायचं कोणी? सुषमाला ते धाडस झालं नाही. एका सुट्टीच्या दुपारी नाना गच्चीवर दुर्बीण लावून गल्लीचं तोंड राखत होते, आणि सुषमा एक पिशवी घेऊन मागच्या बोळातून निघून गेली. कोर्टात लग्न केलं.

संध्याकाळी नानांच्या बायकोने, काकूंनी, रडत रडत सांगितलं. मी तिथेच होतो. मला वाटलं आता घर डोक्यावर घेतील. नाना नुसते खुर्चीवर बसले आणि म्हणाले, "मागून गेली?"

गळ्यातली दुर्बीण काढत म्हणाले, "मी काय नाही म्हणणार होतो? एकदा समोरून येऊन सांगितलं असतं." मग दुर्बिणीची काच पुसत बसले. त्या दिवसापासून त्यांनी तिचं नाव घेतलं नाही, आणि गच्चीवरची खुर्चीही सोडली नाही. आधी ते सकाळ-संध्याकाळ बसत, आता मिलच्या पाळीखेरीज सगळा वेळ बसू लागले. कोणाची वाट बघतात हे आम्हाला दिसत होतं. दिसत नाही असं फक्त त्यांना वाटत होतं.

काकू मात्र दर महिन्याला सियागंजच्या बाजारात 'हळद आणायला' जात. सुषमा देपालपूरहून बसने तिथे येई आणि मायलेकी एका किराणा दुकानाच्या पायरीवर बसून बोलत. पण हळद आणायला गेलेल्या बाईने रिकाम्या हाताने कसं यायचं? त्यामुळे नानांच्या घरी हळदीचे डबे भरले, मग बरण्या भरल्या, मग पितळी घागर भरली. दोन माणसांच्या घरात लग्नाच्या पंगतीला पुरेल एवढी हळद साठली. नानांनी कधी 'इतकी हळद कशाला' असं विचारलं नाही. एकदा मात्र घसा खाकरून म्हणाले, "हळद... तब्येतीनं बरी आहे ना?"

काकू म्हणाल्या, "बरी आहे. तिला मुलगा झाला."

नाना "हं" म्हणाले आणि गच्चीवर गेले. त्या दिवशी गल्लीत शिरणाऱ्या प्रत्येकाला हात वर करण्याआधीच हिरवं फडकं मिळालं.

मिल बंद झाली त्या वर्षी गणपती जवळ आले तशी आम्हाला एकच काळजी पडली. अनंत चतुर्दशीला इंदूरच्या मिलांच्या झांक्या निघतात. गाड्यांवर उभे केलेले, दिव्यांनी लखलखणारे, हलते-चालते देखावे, कामगारांनी स्वतः बनवलेले. सारं शहर आणि आसपासची खेडी रस्त्यावर लोटतात. पण आमची मिलच बंद. एकदा का आपण रांगेतून बाहेर पडलो तर मिल खरोखरची मेली, असं सगळ्यांच्या मनात होतं. समितीत माझं काम इतिवृत्त लिहिण्याचं, कारण अक्षर बरं. त्या बैठकीत लिहिण्यासारखं काही नव्हतं. सगळे माना खाली घालून बसले होते.

तेवढ्यात नाना आले. "झांकी निघणार. आपण समुद्र काढू."

"समुंदर?" रामेश्वर भिया म्हणाले. "इंदौर में?"

"इंदूरमध्ये नाही म्हणूनच तर काढायचा. सीधी गोष्ट आहे."

नानांच्या घरात बुद्धाची मूर्ती, पण गणपतीशी त्यांचं काही वाकडं नव्हतं. 'आरती तुमची, मशीन माझी' असा त्यांचा समितीशी जुना करार होता. ते कामाला लागले आणि बसलेली माणसं उठली. घरोघरच्या जुन्या चादरी आणि साड्या निळ्या रंगात बुडवून वाळत घातल्या, सगळी गल्ली निळी झाली. खाली सायकलची चाकं लावून त्या चादरींच्या लाटा केल्या. एका बाजूला भिंत, तिच्याआड नानांची लाडकी लपणारी तोफ, वाळूच्या पोत्यांच्या वजनावर वर येणारी. पहिल्या चाचणीत ती इतक्या उत्साहाने वर आली की रामेश्वर भियांची टोपी उडून पिंपळावर बसली. ती अजून तिथेच आहे.

भांडण पेटलं ते शेवटच्या प्रसंगावरून. भियांचं म्हणणं, तोफ वर येणार, धडाम करणार, दुश्मनाचं जहाज जळत बुडणार. "पब्लिक ताली कब बजाएगी, नाना? जहाज डूबेगा तभी ना!"

"नाही बुडणार."

"मतलब?"

"तोप वर येईल. जहाज खूण दाखवेल. तोप हिरवा दिवा दाखवेल आणि खाली बसेल. जहाज बंदरात जाईल. बस."

"ये क्या झांकी हुई? इसमें लड़ाई कहाँ है?"

"आमच्या तोपेनं जन्मभर हेच केलं," नाना म्हणाले. त्यांचा आवाज चढला होता. "हजार जहाजं आत सोडली, तेव्हा बंदर चाललं. ते कोणालाच दिसत नाही. बुडवायचं असेल तर दुसऱ्याकडून बनवून घ्या."

आणि ते गच्चीवर जाऊन बसले. दुसऱ्या दिवशी सकाळी गल्लीच्या तोंडाशी दूधवाल्याने हात वर केले, तर वरून लाल फडकं. पेपरवाल्याला लाल. भाजीवालीला लाल. तीही माणसं इतकी सवयीची की मुकाट्याने परत गेली. दुपारपर्यंत गल्लीत चहाला दूध उरलं नाही. किनारी तोफखाना बंदर कसं बंद करतो, हे त्या दिवशी आम्हाला व्याख्यानाशिवाय कळलं. संध्याकाळी रामेश्वर भिया, ज्यांना तासातासाला चहा लागतो, नानांच्या गच्चीखाली येऊन उभे राहिले आणि त्यांनी दोन्ही हात वर केले. "नहीं डुबाते, नाना. चाय पिला दो."

"दोस्त आहे! येऊ द्या!"

चतुर्दशीला दिवेलागणीला आमची गाडी निघाली. पुढे कोणाची लंका जळत होती, कोणाचा कालिया नाग फणा काढत होता. त्यांच्यामागून आमचा चादरींचा समुद्र. नाना भिंतीशेजारी जुना युनिफॉर्म घालून, गळ्यात दुर्बीण, हातात माइक. पहिल्या वळणापर्यंत लोक नुसते बघत राहिले. तोफ वर आली, जहाजावर दोन दिवे लागले, तोफेचा दिवा हिरवा झाला, तोफ खाली बसली. टाळी नाही. भियांनी माझ्याकडे बघून कपाळाला हात लावला.

तेवढ्यात जेल रोडच्या तोंडाशी ओट्यावर बसलेल्या एका म्हातारीने गंमत म्हणून दोन्ही हात वर केले. नानांनी दुर्बीण तिच्याकडे वळवली, हिरवा दिवा लावला आणि माइकवरून गर्जले, "दोस्त आहे! येऊ द्या!" म्हातारी लाजून पदरात हसली. मग तिच्या शेजारणीने हात वर केले. मग समोरच्या गॅलरीने. मग पाहावं तिकडे हात! गच्च्यांवर, झाडांवर, दुकानांच्या फळ्यांवर, सगळ्या जेल रोडचे हात आभाळाकडे, आणि सगळ्यांची एकच मागणी, आम्हाला पण पास करा. बंदोबस्तातल्या हवालदाराने इकडेतिकडे बघून हळूच काठीसकट हात वर केले. "दोस्त आहे! दोस्त आहे! सगळे दोस्त! येऊ द्या!" नानांचा आवाज बसला, तरी ते थांबेनात. मी कसला भावनाप्रधान माणूस नाही, पण माझे डोळे भरून आले. मिल बंद होती, भोंगा गप्प होता, आणि सारं इंदूर हात वर करून आमच्याकडे बघत होतं.

राजवाड्यापर्यंत हेच चाललं. पहिला नंबर आमचा आला. भिया ढाल डोक्यावर घेऊन नाचले, आणि बुडणारं जहाज ही मुळात वाईटच कल्पना होती असं ज्याला त्याला सांगू लागले.

नाना मात्र परत येताना ढालीकडे बघेनात. मला वाटलं दमले. मग लक्षात आलं, सारा रस्ता ते एकेका चेहऱ्यावर दुर्बीण लावून बघत होते. देपालपूरहून ट्रॅक्टर भरभरून लोक आले होते. एवढ्या हातांत त्यांना हवे होते ते दोन हात दिसले नव्हते.

दुसऱ्या दिवशी गल्लीत सत्कार होता. पोहे, जिलेबी, भाषणं. सत्कारमूर्ती खाली यायला तयार नव्हते, "ड्यूटी आहे" म्हणून गच्चीवरूनच हार घेणार होते. सकाळचं ऊन कोवळं होतं. भिया माइकवर बोलत होते आणि बोलता बोलता मध्येच थांबले.

गल्लीच्या तोंडाशी सुषमा उभी होती. एका कडेवर मूल, दुसऱ्या हातात पिशवी. नियमाप्रमाणे थांबलेली. वर गच्चीत दुर्बीण तिच्यावर येऊन थांबली. फडकं हललं नाही. हिरवं नाही, लाल नाही.

भिया पुढे झाले. "बिटिया, सामान मेरे को दे दे। हाथ ऊपर कर ले, बस।"

तिने मान हलवली आणि वर बघून मोठ्याने म्हणाली, "माझे हात वर करून झाले, नाना! काल जेल रोडवर केले होते. तुम्ही दोस्त आहे म्हणालात. ते सगळ्यांना होतं की मला, तेवढं विचारायला आले. समोरून आले."

वर खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. मग जिन्यावर पावलं. ड्यूटीच्या वेळी नाना कधी खाली उतरले नव्हते. ते आले, गळ्यात दुर्बीण लोंबत, एका पायात चप्पल आणि दुसरा अनवाणी. लेकीसमोर येऊन हातभर अंतरावर थांबले. काही बोलायला गेले, पण काल बसलेला आवाज काही निघेना.

तेव्हा त्यांनी आपले दोन्ही हात वर केले. डोक्यावर, सरळ, अगदी नियमाप्रमाणे. आणि तसेच उत्तराची वाट बघत उभे राहिले.

सुषमाने त्यांच्याकडे पाहिलं. "दोस्त आहे," ती म्हणाली, आणि मूल त्यांच्यापुढे धरलं. "येऊ द्या."

नानांनी हात खाली घेतले ते थेट नातवाला उचलण्यासाठीच. पोराने पहिला ताबा दुर्बिणीचा घेतला. भिया माइकसमोर उभे राहून रडत होते आणि ते सगळ्या गल्लीला ऐकू जात होतं.

मागून काकू आल्या, त्यांनी सुषमाच्या हातातली पिशवी घेतली आणि पदराने डोळे पुसत म्हणाल्या, "बरं झालं बाई आलीस ते. घरात हळद ठेवायला आता जागा नव्हती."